सुख नेमके कोणाचे?

सुख म्हणजे काय, हा तत्त्वज्ञानातला फार जुना प्रश्न. आज आपण त्याच्या शेजारचा प्रश्न घेऊ: सुख कोणाचे?

ॲरिस्टॉटलपासून सुरुवात करू. इसवीसनपूर्व चौथे शतक. तो म्हणतो, सुख म्हणजे घडीभराची मौज नव्हे, आयुष्यभर सद्‍गुणाने वागणे म्हणजे सुख. पटण्यासारखे आहे. पण बघा, त्याच ग्रंथात तो असेही म्हणतो की देहाचे भोग गुलामालाही मिळतात, सुखात मात्र कोणी त्याला वाटा देत नाही. पुढच्या पिढीतल्या एपिक्युरसने आपल्या बागेत गुलामांना आणि स्त्रियांनाही बसवले, हे लक्षात ठेवू.

अठराव्या शतकात बेंथम आला. त्याच्या हिशेबात राजाचे सुख एक, मजुराचेही एकच. पुष्कळांचे पुष्कळ सुख, ही कसोटी. तिच्यावर लोकमान्य टिळकांनी ‘गीतारहस्या’त (१९१५) आक्षेप घेतला. कौरवांचे सैन्य अकरा अक्षौहिणी, पांडवांचे सात. मग डोकी मोजून पांडवांना चूक ठरवायचे का?

मोजणीतून काय निसटते, ते आपल्याच जिल्ह्यात दिसते. १९३०च्या दशकात, हा भाग पश्चिम खानदेशात असताना, तळोद्याजवळच्या मोरवडला गुलाम महाराजांनी भिल्ल समाजाला सांगितले: दारू सोडा, स्वच्छ राहा आणि एकमेकांना ‘आप’ म्हणा. लहानथोर सगळ्यांना ‘आप’. माणसे मोठ्या संख्येने जमू लागली. १९३८ साली महाराज गेले, तेव्हा बंधू रामदास महाराजांनी काम पुढे नेले.

आता हे बेंथमच्या तराजूत टाका. दारू सुटली म्हणजे एक मौज कमी झाली. ‘आप’ म्हटल्याने सावकाराचे कर्ज काही फिटत नाही. तरी लोक का आले? आम्हाला वाटते, ज्याला ‘अरे-तुरे’च ऐकायची सवय लावली गेली, त्याला मान मिळणे हेच सुखाचे पहिले माप होते. ॲरिस्टॉटलने नाकारलेला वाटा तो हाच.

२०१२पासून निघणारा जागतिक आनंद अहवाल लोकांनाच विचारतो, ० ते १०च्या शिडीवर तुमचे आयुष्य कोणत्या पायरीवर आहे? निदान ज्याचे सुख, त्याला विचारले जाते. पण सातपुड्यातला माणूस दवाखान्यात, कचेरीत गेला की समोरचा त्याच्याशी कसा बोलतो, हेही विचारायला हवे. त्या उत्तराशिवाय शिडीवरचा आकडा अपुराच राहील.