कीर्तिराज रॉडरिक

रॉडरिक हे नाव ऐकून तुमच्या डोळ्यांसमोर बहुधा कोणीच येणार नाही. ‘डायरी ऑफ अ विम्पी किड’ वाचलं असेल, तर ग्रेगचा तो आळशी, ड्रम बडवणारा मोठा भाऊ आठवेल, तेवढंच. पण थोडं खरवडलं की हे नाव भलत्याच ठिकाणी सापडायला लागतं. २०२४चा बॅलन डी’ऑर जिंकणारा ‘रॉड्री’ म्हणजे रॉड्रिगो, आणि रॉड्रिगो म्हणजे रॉडरिक. बुद्धिबळात ज्या ओपनिंगला आपण ‘रुय लोपेझ’ म्हणतो, ते सोळाव्या शतकातल्या एका स्पॅनिश पाद्रीचं नाव. त्यातला ‘रुय’ हे रॉड्रिगोचंच लाडाचं, आखूड रूप. आणि माझं आडनाव रॉड्रिग्ज. गाव वसई.

या आडनावामुळे आयुष्यभर एक प्रश्न पाठीला चिकटलेला आहे. ट्रेनमध्ये, नोकरीच्या मुलाखतीत, भाड्याचं घर बघायला गेल्यावर. माझं मराठी ऐकून समोरचा खूश होतो, मग आडनाव ऐकतो आणि विचारतो, “म्हणजे तुम्ही मूळचे कुठले?” वसईचे, म्हटलं की समाधान होत नाही. “नाही, पण मूळचे?” विचारणाऱ्याच्या मनात उत्तर तयार असतं: पोर्तुगीज. कधी तो ते बोलून दाखवतो, कधी नुसताच हसतो.

तर हे नाव पोर्तुगीज तरी आहे का, हे मला एकदा नीट बघायचं होतं.

नाव जर्मानिक आहे. त्याचे दोन तुकडे. पहिला ‘ह्रोथ’, म्हणजे कीर्ती, नावलौकिक. दुसरा ‘रीक’, म्हणजे राजा, सत्ताधीश. जुन्या जर्मानिक टोळ्यांत मुलांची नावं अशीच दोन शब्द जोडून करत. त्या शब्दांचा मिळून काही अर्थ निघालाच पाहिजे असं नव्हतं, बापाच्या नावातला एक तुकडा मुलाच्या नावात आला की झालं. ‘बेओवुल्फ’ या जुन्या इंग्रजी काव्यात डेन लोकांचा राजा आहे ह्रोथगार, आणि त्याच्या मुलांची नावं आहेत ह्रेथरिक आणि ह्रोथमुंड. यातला ह्रेथरिक म्हणजे आपला रॉडरिक. ह्रोथगारचा पुढे रॉजर झाला. रॉबर्ट, रुडॉल्फ, रोलंड ही सगळी याच ‘ह्रोथ’ची पिल्लावळ. उत्तरेकडच्या वायकिंग लोकांनी हेच नाव पूर्वेला नेलं, तिथे ते ‘रुरिक’ झालं. परंपरेनुसार हा रुरिक ८६२ साली नोव्हगोरोदला येऊन बसला, आणि त्याच्या नावाचं घराणं १५९८पर्यंत रशियाच्या गादीवर होतं.

आता दुसरा तुकडा. ‘रीक’ हा शब्द जर्मानिक लोकांनी शेजारच्या केल्ट लोकांकडून उचलला. केल्टिकमध्ये तो ‘रिक्स’. ॲस्टेरिक्स, ओबेलिक्स ही कॉमिक्समधली नावं त्याच शेपटीची थट्टा आहेत. लॅटिनमध्ये तोच शब्द ‘रेक्स’, आणि संस्कृतात राज्, राजन्. म्हणजे आपला राजा. पहिल्या तुकड्याचं नातंही व्युत्पत्तीचे अभ्यासक संस्कृतातल्या ‘कीर्ति’शी जोडतात. दोन्ही एकत्र करा: कीर्तिराज. सांगली-कोल्हापूरकडच्या एखाद्या लग्नपत्रिकेवर सहज खपेल असं नाव.

माझा अंदाज होता की अर्थ कळला की विषय संपेल. पण नावाचा अर्थ ही त्याची सगळ्यात कमी रंजक बाजू निघाली. खरी गोष्ट हे नाव कोणाकोणाकडे गेलं त्यात आहे.

गॉथ ही एक जर्मानिक टोळी. हूणांच्या धाकानं त्यातले बरेच जण ३७६ साली डॅन्यूब नदी ओलांडून रोमन साम्राज्यात शिरले, अक्षरशः निर्वासित म्हणून. रोमन अधिकाऱ्यांनी त्यांना इतकं पिळलं की दोनच वर्षांत त्यांनी बंड करून एका रोमन सम्राटालाच लढाईत मारलं. ४१० साली अलारिकनं (पुन्हा ‘रीक’) रोम शहर लुटलं. पुढे त्यांच्यातली व्हिसिगॉथ म्हणून ओळखली जाणारी शाखा आधी फ्रान्सच्या दक्षिणेत आणि मग स्पेन-पोर्तुगालमध्ये स्थिरावली. राजधानी तोलेदो.

तिथे ते मूठभर होते. प्रजा लॅटिन बोलणारी. राज्य गॉथांचं राहिलं, भाषा मात्र प्रजेची जिंकली. सातव्या शतकापर्यंत गॉथिक बोलणारं तिथे जवळपास कोणी उरलं नसावं. स्पॅनिश-पोर्तुगीजमध्ये त्यांचे थोडेच शब्द राहिले. कपड्यांना ‘रोपा’, हंसासारख्या पक्ष्याला ‘गान्सो’. (हा गान्सो आपल्या ‘हंस’ या शब्दाचाच लांबचा भाऊ आहे, पण ते असो.) शब्द गेले, नावं राहिली. अर्थ न कळणारी नावं.

अशा वेळी, ७१० साली, रॉडरिक नावाचा सरदार तोलेदोच्या गादीवर बसला. सरळ वारसानं नव्हे. आधीचा राजा वितिझा वारल्यावर गोंधळात, दरबारातल्या बड्यांच्या पाठिंब्यानं त्यानं गादी बळकावली. देशाच्या ईशान्य भागात त्याच वेळी दुसराच एक राजा आपल्या नावाची नाणी पाडत होता. रॉडरिकची स्वतःची नाणी मोजकी सापडली आहेत, तोलेदोची आणि आजच्या पोर्तुगालमधल्या इजितानिया या गावची. ७११च्या उन्हाळ्यात तारिक बिन झियाद समुद्रधुनी ओलांडून आला. त्याच्या फौजेत बहुतेक बर्बर होते. ज्या डोंगरापाशी तो उतरला त्याला जबल तारिक म्हणू लागले, त्याचंच जिब्राल्टर झालं. ग्वादालेते नदीच्या आसपास लढाई झाली. रॉडरिक हरला आणि मेला. व्हिसिगॉथांचं राज्य त्याच्याबरोबर संपलं.

गंमत म्हणजे जवळपास त्याच काळात आपल्याकडेही एक ‘कीर्ति’ बुडत होती. बदामीच्या चालुक्यांचा शेवटचा राजा कीर्तिवर्मन दुसरा. त्याला राष्ट्रकूट दंतिदुर्गानं साधारण ७५३ साली संपवलं. दोन्ही घराण्यांचे शेवटचे राजे नावात कीर्ती बाळगून गेले. याचा अर्थ काही नाही. पण मला ते विसरता येत नाही.

रॉडरिकनं जेमतेम वर्ष-दीड वर्ष राज्य केलं असेल. तरी त्याचं चित्र आजही आहे, तेही शत्रूनं काढून घेतलेलं. जॉर्डनमध्ये, अम्मानच्या पूर्वेला वाळवंटात ‘कुसैर अम्रा’ नावाची छोटी इमारत आहे. वलीद बिन यझीद या उमय्यद राजपुत्राचं विश्रामगृह आणि हमामखाना. तिथल्या भिंतीवर सहा राजे ओळीनं उभे आहेत, हात पुढे केलेले. डोक्यांवर ग्रीक आणि अरबी अशा दोन लिप्यांत नावं. रोमचा कैसर, इराणचा खुस्रो, इथिओपियाचा नेगुस, आणि त्यांच्यात रॉडरिक. अरबीत त्याला ‘लुधरीक’ म्हणत. रंग उडाले आहेत, चेहरे पुसट झाले आहेत. मला हे चित्र फार बोलकं वाटतं. ज्यानं धड दोन उन्हाळे राज्य केलं नाही, तो जगातल्या मोठमोठ्या बादशहांच्या रांगेत उभा आहे. कारण जिंकणाऱ्याला आपला विजय मोठा दाखवायचा होता.

मग दंतकथा आल्या. तोलेदोत म्हणे एक कुलूपबंद घर होतं, प्रत्येक नवा राजा त्याला आणखी एक कुलूप लावायचा. रॉडरिकनं ती सगळी तोडली. आत अरब घोडेस्वारांची चित्रं, आणि लिहिलेलं की हे दार उघडेल तेव्हा हे लोक देश घेतील. दुसरी गोष्ट जास्त पसरली. सेउताचा सरदार हूलियान, त्याची मुलगी राजाच्या दरबारात होती, राजानं तिच्यावर बलात्कार केला, आणि बापानं सूड म्हणून अरबांना वाट दाखवली. दोन्ही गोष्टी नवव्या शतकातल्या अरबी इतिहासकारांकडे मिळतात. ‘फ्लोरिंडा’ हे तिचं नाव तर कितीतरी शतकांनी चिकटवलं गेलं. पुढच्या स्पॅनिश सांगणाऱ्यांनी तिला दिलेलं दुसरं नाव होतं ‘ला कावा’, आणि लोक त्याचा अर्थ वाईट चालीची बाई असा घेत. एक अख्खं राज्य बुडालं, सरदारांची भांडणं होती, दोन-दोन राजे होते, आणि खापर फुटलं एका मुलीच्या डोक्यावर, जिच्यावर अत्याचार झाला होता. ही सवय काही फक्त स्पेनची नाही.

खरं तर हरलेल्या, बदनाम झालेल्या राजाचं नाव लोकांनी टाकून द्यायला हवं होतं. झालं उलटं. उत्तरेच्या डोंगरांत जी छोटी ख्रिस्ती राज्यं उरली, त्यांनी स्वतःला गॉथांचे वारस म्हणवायला सुरुवात केली. नवव्या शतकाच्या अखेरीस तिथल्या एका बखरीत लिहिलं गेलं की विसेउ या गावात ‘गॉथांचा शेवटचा राजा’ रॉडरिकचं थडगं सापडलं. विसेउ आजच्या पोर्तुगालमध्ये आहे. गॉथिक नाव ठेवणं म्हणजे खानदानी असणं. मग सगळेच ठेवू लागले. उत्तर पोर्तुगालच्या जुन्या दस्तऐवजांत शेतकऱ्यांपासून सरदारांपर्यंत नावं बघाल तर बहुतेक जर्मानिक: रॉड्रिगो, फर्नांदो, गोन्साल्वो, आल्वारो, अफोन्सो, हेन्रिके. यातल्या बहुतेकांच्या अंगात गॉथ रक्ताचा थेंबही नव्हता.

याच गर्दीतून आला रॉड्रिगो दियाझ, ज्याला जग ‘एल सिद’ म्हणून ओळखतं. त्यानं १०९४ साली व्हॅलेन्सिया घेतलं. त्याआधी काही वर्षं तो झारागोझाच्या मुस्लिम राजाच्या पदरी होता. ‘सिद’ हा अरबी ‘सय्यद’, म्हणजे मालक, धनी. स्पेनच्या राष्ट्रीय वीराचं नाव जर्मानिक आणि किताब अरबी. शुद्ध नावांचा आग्रह धरणाऱ्यांनी यावर जरा थांबून विचार करावा.

तोपर्यंत तिकडे बापाचं नाव लावायची पद्धत रुळली होती. रॉड्रिगोचा मुलगा रॉड्रिगेस, फर्नांदोचा फर्नांदेस, आल्वारोचा आल्वारेस. आपण मधलं नाव लावतो तसंच, पिढीगणिक बदलणारं. पुढे हळूहळू ते गोठलं आणि आडनाव झालं.

१५१० साली अफोन्सो द अल्बुकर्कनं गोवा घेतलं. १५३४ साली गुजरातच्या बहादूरशहानं वसई पोर्तुगिजांना दिली. धर्मांतरं झाली. बाप्तिस्म्याच्या वेळी नवं नाव मिळायचं, आणि त्यामागे आडनाव यायचं ते बऱ्याचदा धर्मपित्याचं नाहीतर पाद्रीचं. म्हणून आमच्याकडे एका आळीत चार रॉड्रिग्ज घरं असतात आणि त्यांचा एकमेकांशी रक्ताचा संबंध नसतो. म्हणून दोन रॉड्रिग्ज कुटुंबांत सोयरीकही होते. गोव्यातल्या काही घरांना आपलं आधीचं आडनाव ठाऊक आहे. आमच्या घराला नाही. घरात आम्ही कादोडी बोलतो. ऊस, केळी, पानवेली यांचे शब्द त्या बोलीत आहेत, लग्नाची गाणी आहेत, पण चारशे वर्षांपूर्वी आम्हाला काय म्हणून हाक मारत होते, ते सांगणारा एकही शब्द नाही. माझ्या आजीला मी एकदा विचारलं होतं. ती म्हणाली, “जे होतं ते होतं. आता काय करणार घेऊन?” मला ते उत्तर तेव्हा पटलं नव्हतं, आताही पूर्ण पटत नाही. एखादं नाव जाणं ही लहान गोष्ट नाही.

१७३९ साली चिमाजी अप्पांनी वसई जिंकली. पोर्तुगीज गेले, आडनावं गेली नाहीत. मग इंग्रज आले, त्यांच्या कानाप्रमाणे कोणी रॉड्रिग्ज झालं, कोणी रॉड्रिक्स. गोव्यातल्या कुणबी साडीला पुन्हा झळाळी देणारे फॅशन डिझायनर वेंडेल रॉड्रिक्स आठवा. त्या स्पेलिंगमध्ये तर शेवटी लागलेला तो जुना ‘रिक्स’ पुन्हा ऐकू येतो, निव्वळ योगायोगानं.

हल्ली कोणी “मूळचे कुठले?” विचारलं की मी तोलेदोपासून सुरुवात करतो. विरारची लोकल असेल तर बोरिवली येईपर्यंत मी ग्वादालेतेच्या लढाईपर्यंत पोहोचतो. बहुतेक जण मध्येच मोबाइल काढतात. एका काकांनी मात्र शेवटपर्यंत ऐकलं आणि म्हणाले, “म्हणजे पोर्तुगिजांचं पण नाही म्हणा ते.” मग त्यांनी स्वतःच्या आडनावाचं काढलं. त्यांच्या आजोबांनी गाव सोडताना ते बदललं होतं. का बदललं, ते सांगायच्या आत नायगाव आलं आणि ते उतरले.

यंदा माझ्या चुलतभावाला मुलगा झाला. घरच्या ग्रुपवर नावं मागवली तेव्हा मी ‘कीर्तिराज’ सुचवलं. कीर्तिराज रॉड्रिग्ज: कीर्तिराज, कीर्तिराजाचा मुलगा. तीन जणांनी हसण्याच्या इमोजी टाकल्या, वहिनीनं विचारलं की शाळेत त्याला काय म्हणून हाक मारतील. शेवटी त्याचं नाव ठेवलं एथन. हिब्रू आहे ते.