कंबोडिया : उद्ध्वस्त देशाची उभारणी आणि धम्म

पाच वर्षांचे गृहयुद्ध आणि अमेरिकेचे बॉम्बहल्ले सोसलेल्या कंबोडियाची राजधानी नोम पेन्ह १७ एप्रिल १९७५ रोजी पोल पॉटच्या ख्मेर रूज सैन्याने ताब्यात घेतली. समतेचे नाव घेत या राजवटीने शहरे रिकामी केली, चलन बंद केले, शाळा मोडल्या. भिक्खूंना चीवर उतरवायला लावले. अनेकांना ठार केले. विहारांची कोठारे आणि तुरुंग झाले. ७ जानेवारी १९७९ रोजी ही राजवट कोसळेपर्यंत सुमारे १७ लाख माणसे उपासमार, रोगराई, अतिश्रम आणि कत्तलीत मेली.

उभारणी कशी झाली?

शिक्षक, डॉक्टर फारसे उरलेच नव्हते. थोडेफार शिकलेल्यांनीच शाळा चालवल्या. १९८० मध्ये चलन पुन्हा सुरू झाले. गावकऱ्यांनी वर्गणी काढून विहार उभे केले. यादवी मात्र चालूच होती. १९९१ च्या पॅरिस करारानंतर संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली १९९३ मध्ये निवडणुका झाल्या.

नालंदा येथे शिकलेले भन्ते महाघोसानंद यांचे कुटुंब या संहारात संपले होते. तरीही थायलंड सीमेवरील निर्वासितांच्या छावण्यांत त्यांनी मेत्ताचा उपदेश केला. १९९२ पासून भूसुरुंगांनी भरलेल्या प्रदेशातून त्यांनी शांततेसाठी धम्मयात्रा काढल्या. १९९४ च्या यात्रेत गोळीबारात सापडून एक भिक्खू आणि एक साध्वी मरण पावल्या. यात्रा पुढेही निघत राहिल्या.

न्यायाचे काय?

मैत्री म्हणजे गुन्ह्यावर पांघरूण नव्हे. पण न्याय फार उशिरा आला. विशेष न्यायालयाचे काम २००६ मध्ये सुरू झाले आणि पहिली शिक्षा २०१० मध्ये झाली. एकूण तिघेच दोषी ठरले. पोल पॉट १९९८ मध्येच, या न्यायालयासमोर उभा न राहताच मेला होता.

आपल्यासाठी बोध

२० नोव्हेंबर १९५६ रोजी काठमांडू येथे बाबासाहेबांनी बुद्ध आणि कार्ल मार्क्स यांची तुलना करताना साधनांच्या शुद्धतेवर भर दिला होता. समता हवीच, पण ती हिंसेने लादता येत नाही, हे त्यांनी सांगितले. कंबोडियाने त्याची भयंकर किंमत मोजली. म्हणून चळवळीतील तरुणांना आमचे सांगणे आहे : अन्यायाविरुद्ध ठाम उभे राहा, न्याय मागत राहा, पण माणसाचा द्वेष करू नका. मोडलेला समाज जोडायचा तर न्याय आणि मैत्री दोन्ही लागतात.