न ओळखलेली गांधीलमाशी

कारलं चिरलं आणि आत पांढऱ्या अळ्या वळवळताना दिसल्या, हा अनुभव आपल्या सगळ्यांचा आहे. ती करामत फळमाशीची. आज आपण या माशीच्या शत्रूचा, म्हणजे परोपजीवी गांधीलमाशीचा इतिहास बघणार आहोत. हा इतिहास घडला प्रशांत महासागरातल्या हवाई बेटांवर, पण त्यात भारताचाही एक धागा आहे.

हवाईत फळं नासवणाऱ्या या माश्या बाहेरून आल्या. 19व्या शतकाच्या अखेरीस काकडी-कारल्याच्या वेलींवरची माशी पोचली, 1910 मध्ये भूमध्य फळमाशी सापडली. माश्या आल्या, त्यांचे शत्रू मात्र मूळ देशातच राहिले. तेव्हा कीटकशास्त्रज्ञांनी साधा विचार केला: माशी जिथली, तिथेच तिचा शत्रू शोधायचा. 1912-13 मध्ये इटलीचे फिलिप्पो सिल्व्हेस्त्री यासाठी पश्चिम आफ्रिकेत हिंडले. 1916 मध्ये डेव्हिड फुलावे यांनी वेलींवरच्या माशीचा शत्रू भारतातून हवाईत नेला. या चिमुकल्या गांधीलमाशीचं शास्त्रीय नाव ‘फ्लेचेरी’. बिहारमधल्या पुसा इथल्या संशोधन संस्थेत काम करणारे इंग्रज कीटकशास्त्रज्ञ फ्लेचर यांच्यावरून ते पडलं.

ती काम कसं करते? फळातल्या अळीपर्यंत आपली नळी पोचवून तिच्या शरीरात अंडं घालते. अळी वाढते, फळातून बाहेर पडून मातीत कोष करते. पण त्या कोषातून माशी निघत नाही, गांधीलमाशी निघते. म्हणजे बघा, नासलेलं फळ वाचत नाहीच. वाचतं ते पुढच्या पिढीच्या तावडीतून सुटलेलं फळ.

मग भारतातून नेलेली ही माशी यशस्वी झाली का? अर्धवट. रानकारल्याच्या छोट्या फळांत तिने अळ्या भरपूर टिपल्या. शेतातल्या जाड गराच्या फळांत अळी खोलवर शिरली की तिची नळी तोकडी पडायची. शेतकऱ्याचा प्रश्न तिथेच राहिला.

दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस तिसरी माशी आली. आंबा, पेरू, पपई, काही म्हणता काही सोडेना. मग मोठी शोधमोहीम निघाली. आग्नेय आशियातून आणि इतर ठिकाणांहून परोपजीवी कीटक पाठवले गेले, वाढवून सोडले गेले. 1948 मध्ये त्यातली एक जात जोरात दिसली. 1949 मध्ये तिला मागे सारून दुसरी आली. 1950 मध्ये तिसरीने दोघींनाही मागे टाकलं, आणि फळमाशीची संख्या खरोखर खाली आली.

इथे गंमत आहे, आणि आजच्या व्याख्यानाचा मुद्दाही हाच. ही तिसरी जात सोडली जात असताना कुणी ओळखलेलीच नव्हती. दिसायला सारख्या असलेल्या दुसऱ्या जातींत ती मिसळून गेली होती. ती अळीवर नव्हे, माशीच्या अंड्यावरच हल्ला करते, हे 1951 मध्ये व्हॅन डेन बॉश आणि हारामोटो यांनी दाखवलं. अंडी फळाच्या सालीखालीच असतात, त्यामुळे गर कितीही जाड असला तरी तिला अडचण येत नाही. फुलावे यांनी तिला ‘अंडीप्रिय’ अशा अर्थाचं नाव दिलं. पण याच जातीचं वर्णन 1932 मध्येच तैवानमधून झालेलं होतं, म्हणून आज तेच जुनं नाव चालतं: ‘आरिसानस’.

यशोगाथा लिहिताना आपण ‘शास्त्रज्ञांनी योग्य शत्रू निवडला’ असं सहज लिहून मोकळे होतो. इथे तसं झालं नाही. त्यांनी अनेक जाती आणल्या, सोडल्या, आणि मुख्य म्हणजे नंतर फळं फोडून मोजत राहिले. ते मोजणं नसतं तर श्रेय भलत्याच जातीला गेलं असतं आणि पुढच्यांनी तीच चुकीची माशी मागवली असती.

तसं झालं नाही. 1996 मध्ये हीच फळमाशी ताहिती बेटावर पोचली, तेव्हा 2002 मध्ये हवाईतून आरिसानस पाठवली गेली आणि ती तिथे रुजली. या वेळी पाठवणाऱ्यांना माहीत होतं, आपण नेमकं काय पाठवतोय ते. मधली पन्नास वर्षं आपण इतिहासात मोजायला हवीत, ती याचसाठी.