चार किलोबाइटची नदी

घरगुती संगणकांच्या सुरुवातीच्या काळातला ‘रिव्हर रेड’ हा खेळ आजही आठवला जातो. खाली आपले विमान, वरून सरकत येणारी नदी, वाटेत जहाजे, हेलिकॉप्टर आणि पूल. मला मात्र खेळापेक्षा तो लिहिणारी बाई जास्त महत्त्वाची वाटते.

कॅरल शॉ बर्कलेला संगणकशास्त्र शिकल्या आणि 1978 मध्ये अटारी कंपनीत लागल्या. कंपनीचे अध्यक्ष त्यांना पाहून काय म्हणाले, हे त्यांनी पुढे सांगितले आहे: आता सौंदर्यप्रसाधनांच्या रंगसंगतीचे आणि घरसजावटीचे खेळ निघतील! बाई आली, की तिचा विषय ठरलेला.

1982 मध्ये अ‍ॅक्टिव्हिजन कंपनीत त्यांनी रिव्हर रेड लिहिला. कार्ट्रिज फक्त 4 किलोबाइटचे. एवढ्या जागेत लांबलचक नदीचा नकाशा मावणार नव्हता. त्यांनी नकाशाऐवजी नदी तयार करणारे गणित साठवले. एका ठरावीक आकड्यापासून पुढचे आकडे निघत जातात आणि त्यातून काठ, बेटे, शत्रू उभे राहतात. पहिला आकडा तोच, म्हणून नदीही दरवेळी तीच. 1983 मध्ये त्यांनीच हा खेळ अटारीच्या घरगुती संगणकांवर नेला.

इंधनाची युक्तीही तितकीच हुशार. डेपोवरून उडाले की टाकी भरते, डेपो फोडला तर 80 गुण मिळतात. गुणांच्या लोभाने डेपो फोडत सुटणारा पुढे इंधनावाचून पडतो.

पश्चिम जर्मनीत 1984 मध्ये हा खेळ मुलांसाठी घातक ठरवून यादीत टाकला गेला. 2002 मध्ये त्याचे नाव यादीतून निघाले. दरम्यान त्या वेळची मुले पालक होण्याच्या वयाला आली होती.

आमच्याकडे काही पालक विचारतात, “सर, मुलीला कोडिंग कशाला? टायपिंग आलं तरी बस झालं.” इल्म मर्द-औरत दोघांवर फर्ज आहे, हे तेच पालक जुम्याच्या बयानात ऐकून येतात. त्यांना मी कॅरल शॉंची गोष्ट सांगतो. 2017 मध्ये ‘द गेम अवॉर्ड्स’ने त्यांचा मोठा सन्मान केला, हेही सांगतो. मग विचारतो, मुलीचा विषय आपण आधीच का ठरवायचा?