ससून : आडनाव आणि जमीन

कोकणातील बेने इस्रायलांची आडनावे आपल्याला परकी वाटत नाहीत. रोहेकर, पेणकर, किहीमचे केहिमकर; गावाला ‘कर’ जोडला की माणसाचा ठावठिकाणा कळतो. मुंबईच्या ससून घराण्याचे आडनाव मात्र गावावरून आलेले नाही. हिब्रूतील ‘सासोन’ म्हणजे आनंद. बगदादच्या एका खजिनदाराचे ते स्वतःचे नाव. त्याचा मुलगा डेव्हिड बगदाद सोडून १८३०च्या दशकात बुशहरमार्गे मुंबईस आला आणि बापाचे नाव घराण्याचे आडनाव होऊन बसले. पुढच्या पिढीतील ‘एलियास डेव्हिड ससून’ हे नाव तर थेट आपल्याच धाटणीचे: स्वतःचे, वडिलांचे, मग घराण्याचे.

पेढी वाढली ती अफू आणि कापसावर. जमीनजुमला मागाहून आला. (ससूनांच्या दानधर्माच्या पाट्या वाचताना अफू विसरू नये, असे आम्हांस वाटते.) कुलाब्यास समुद्र हटवून बांधलेला ससून डॉक १८७५चा, चारच वर्षांत तो सरकारने विकत घेतला. एलियासने १८६७मध्ये वेगळी पेढी काढली होती. तिचे वारस व्हिक्टर ससून यांनी मुंबईतले भांडवल शांघायच्या जमिनींत व इमारतींत ओतले. तेथील १९२९चे कॅथे हॉटेल त्यांचेच. कम्युनिस्ट राजवटीत ती मालमत्ता हातची गेली.

डेव्हिड ससून १८६४मध्ये पुण्यात वारले. त्यांची कबर तेथेच, लाल देवळाच्या आवारात आहे. मुंबईत मासळी घ्यायला पहाटे निघालेली कोळीण ‘ससून डॉकला जाते’ म्हणते, तेव्हा बगदादच्या त्या खजिनदाराचेच नाव घेत असते.