झपाटलेल्या घरांचा भाडेकरू

उर्दूत ‘आसेब’ असा एक शब्द आहे. तो वर्गात आला की मागच्या बाकावरची मुलेही सावरून बसतात. आसेबजदा मकान म्हणजे झपाटलेले घर. परवा एका मुलाने विचारले, “टीचर, अशा घरात कोणी मुद्दाम राहायला जातं का?”

जाते. जपानमधला तानिशी मात्सुबारा हा विनोदी कलाकार. जन्म १९८२, गाव कोबे. फारसे नाव नव्हते. २०१२ साली एका भीतीच्या माहितीपट मालिकेसाठी तो ओसाकात अशा एका घरात राहायला गेला. कॅमेरा लावायचा, झोपायचे आणि रात्रभरात काय होते ते टिपायचे. मालिकेपुरते हे काम, पण त्याचा तो पेशाच झाला. एक घर सोडले की दुसरे. २०१८ मध्ये त्याने या घरांवर पुस्तक लिहिले, त्यात खोल्यांचे नकाशेही दिले. २०२० मध्ये हिदेओ नाकाता यांनी त्यावर चित्रपट काढला.

जपानीत अशा घराला ‘जिको बुक्केन’ म्हणतात. जिथे खून झाला, आत्महत्या झाली किंवा कोणी एकटे मेले आणि बरेच दिवस कळलेच नाही, ते घर. भाडे कमी, तरी लोक घेत नाहीत. २००५ पासून तर ‘ओशिमा तेरू’ नावाच्या संकेतस्थळावर अशा घरांचा नकाशाच आहे. प्रत्येक घरावर ज्वाळेची खूण.

भूत तिथे का येते, याचे जपानचे जुने उत्तर मला विचार करायला लावते. सुगावारा नो मिचिझाने हा मोठा विद्वान, कवी आणि मंत्री. दरबारातल्या विरोधकांनी आळ घेतला आणि त्याला क्योतोहून दूर दाझाइफूला धाडले. ९०३ मध्ये तो तिथेच वारला. ९३० मध्ये राजवाड्यावर वीज पडली, तेव्हा लोक म्हणाले, हा त्याचाच कोप. शेवटी क्योतोत त्याचे देवस्थान उभे राहिले. आज तिथे विद्यार्थी परीक्षेआधी नवस बोलतात! म्हणजे भीती नुसत्या मेलेल्याची नव्हती. ज्याच्यावर अन्याय केला, त्याची होती.

मात्सुबाराच्या घरांतल्या अनेकांवर कोणी आळ घेतला नव्हता. त्यांची फक्त कोणी चौकशी केली नव्हती. एकट्याने मरण्याला तिथे ‘कोदोकुशी’ असा वेगळा शब्दच आहे. याच धास्तीने घरमालक एकट्या म्हाताऱ्यांना खोली द्यायला कचरतात. म्हणून ऑक्टोबर २०२१ मध्ये सरकारने मार्गदर्शक सूचना काढल्या. वार्धक्याने किंवा आजाराने आलेला मृत्यू नव्या भाडेकरूला सांगण्याची सहसा गरज नाही. खून, आत्महत्या असेल तर भाड्याच्या घरात साधारण तीन वर्षे सांगावे. पण विचारले तर खरेच सांगावे. भुताची मुदत तीन वर्षे, असे मी वर्गात म्हटले तेव्हा मुले हसली.

मुलांना सांगितले नाही ते इथे लिहिते. बी.एड.ला असताना मी शहरात खोली शोधत होते. तीन ठिकाणी माझे नाव ऐकून “खोली आत्ताच गेली” असे उत्तर मिळाले. चौथीकडे मात्र लगेच मिळाली, तीही स्वस्तात. आधी तिथे एक म्हातारी एकटीच राहायची, तिथेच वारली. दार वर्षभर बंद होते. ती खोली कोणालाच नको होती आणि मी कोणालाच नको होते, म्हणून आमचे जमले.

पहिल्या रात्री मी दिवा मालवलाच नाही. अम्मीने शिकवलेल्या दुआ तीनदा म्हटल्या. भिंतीवर तिचे कॅलेंडर अजून होते, दूधवाल्याचे खाडे मांडलेले. चौदा तारखेनंतर काहीच नव्हते.

सकाळी शेजारणीला त्या बाईचे नाव विचारले. अकरा वर्षे भिंतीला भिंत लागून राहिलेली ती शेजारीण थोडा वेळ आठवत राहिली, मग म्हणाली, “आम्ही आजीच म्हणायचो.”