ओळींवाचूनचा पडदा

स्मरणिकेत इतिहासाचा लेख म्हटला, की आपण राणोजी शिंद्यांपासून सुरुवात करतो. यंदा आम्ही जरा अलीकडचा इतिहास घेतला आहे. नानाखेड्यातल्या आपल्या घरांत मुले मोबाइलवर जपानी कार्टून, म्हणजे ॲनिमे, पाहतात. आवाज जपानी, खाली इंग्रजी ओळी. या ओळी आल्या कुठून?

१९७७ साली लॉस एंजलिसला 'कार्टून/फँटसी ऑर्गनायझेशन' हे शौकिनांचे मंडळ सुरू झाले. व्हिडिओ रेकॉर्डर नुकताच घरांत येऊ लागला होता. जपान आणि अमेरिका, दोन्हीकडे टीव्हीची एनटीएससी पद्धत. त्यामुळे जपानमध्ये टीव्हीवरून उतरवलेली कॅसेट अमेरिकेत तशीच चाले. आपल्याकडे पाल पद्धत होती. ओळी नसलेल्या अशा कोऱ्या प्रतीला शौकीन 'रॉ' म्हणतात. भाषा बहुतेकांना येत नसे. मग कथेचा सारांश वाचून पाहायचे, नाहीतर जाणकाराने शेजारी बसून सांगायचे. १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात घरगुती संगणकाने चित्रावर अक्षरे उमटवता येऊ लागली आणि शौकीनच ओळी घालू लागले. पुढे इंटरनेट आले. एकजण रॉ मिळवी, दुसरा भाषांतर करी, तिसरा ओळींची वेळ जुळवी. यातले बरेचसे मूळ मालकांच्या परवानगीवाचून चाले, हेही सांगितले पाहिजे. पण रॉ आधी हाती आल्याशिवाय पुढचे काहीच होत नसे. ओळींची वाट पाहवेना म्हणून काहीजण जपानी शिकले.

आपल्याकडे जपानी मोगली १९९०च्या दशकात दूरदर्शनवर आला तो हिंदी बोलतच. शेरखानाला आवाज नाना पाटेकरांचा. समजायला सोपे झाले, पण जपानी कानावर पडलीच नाही.

आता आपल्या घरात पाहू. मराठी नाटकाची चित्रफीत लावली, की आजी हसते आणि नातू तिच्या तोंडाकडे पाहतो. त्याच्यासाठी ती रॉच. शिंद्यांची राजधानी १८१० साली ग्वाल्हेरला गेली, तरी आपण उज्जैनला राहिलो आणि घरात मराठी राखली. ती या पिढीशी थांबू नये, एवढीच आमची तळमळ आहे. सगळे हिंदीत करून देणे सोपे आहे. पण मग मराठी कानावर पडणार कधी? शेजारी बसून सांगणारे माणूस अजून आपल्या घरी आहे. या दहा दिवसांत रोज थोडा वेळ एखादे मराठी नाटक आजी-आजोबांच्या शेजारी बसून मुलांना दाखवावे, ही विनंती.

गणपती बाप्पा मोरया!